डाव्या पायाच्या बारा

सिनेमावाल्यांची ऑर्डर आली: डाव्या पायाच्या बारा.
फक्त डाव्या.
आण्णांनी मोबाईलकडंच बघितलं,
त्यालाच कमी ऐकू येत असावं तसं.

गाण्यात पायऱ्या उतरताना हिरोईनची एक सुटणार,
रिटेक होणार, एखादी भिजणार,
एखादी कुत्रं नेणार,
म्हणून बारा. उजवी काय, एक पुरे.

"एका पायाची मी आजवर कापली नाही,"
एवढंच बोलून आण्णा रात्री रापी घेऊन बसले.
वेणी मी घातली, गोंडे आईनं.
बारा जोड झाले.
डाव्या टेम्पोतनं गेल्या, सोबत एक उजवी.
अकरा खुंटीवर राहिल्या,
कुणाची तरी वाट बघत, एकाच बाजूला तोंड करून.

पिच्चर लागला तसं घरदार गेलो.
सावत्र आईची खानावळ,
पोरगी पांढऱ्या रश्श्याची पातेली घासत गाते,
पार्लरवाली मावशी तिला एका संध्याकाळीत उजळवते.
बाराचे ठोके कुठले, साडेनऊलाच पळाली,
भांडी पडायची वेळ.
"मी जाते," म्हणाली,
आणि मागनं कोण तरी ओरडलं, "जातो म्हण की गं!"
थेटर हसलं, आम्ही पोरी तर जास्तच.

मग ती सुटली. आमची.
पडद्यावर दाराएवढी.
वेणीतला माझा एक चुकलेला पेड
मला लख्ख दिसला.

गिटारवाला चप्पल घेऊन कॉलेजभर हिंडला.
पोरी रांगेनं, ठेक्यात पाय पुढं,
हिची टाच बाहेर, तिचा अंगठा अडतोय,
आणि आण्णा अंधारात, जरा मोठ्यानंच:
"नवी हाय, चावणारच.
तेल लावून आठ दिस घाला म्हणावं,
कुणाच्याबी पायाची हुईल."

आई म्हणाली, गप बसा.

अकरा उजव्या अजून खुंटीवर आहेत.
आण्णा त्यांच्या डाव्या कापत नाहीत, का ते सांगत नाहीत.
दुपारी दुकानात कुणी नसलं
की मी दोन काढतो, तेल चोळतो,
दोन्ही पायांत उजव्याच घालतो
आणि ते पायऱ्यांचं गाणं म्हणतो, मधले शब्द येत नाहीत.
डावा पाय आत वळतो.
करकर, करकर, फरशीभर.
करंगळीला फोड आलाय.

आज सहावा दिवस.