वीस दिवसांच्या वर

कोर्टासमोर टायपिंगची सहा दुकानं आहेत, रास अल खैमात.
पाचव्यात मी बसते. एसीचं पाणी बादलीत ठिबकतं,
बादली भरली की दुपार झाली असं समजायचं.
श्रीवर्धनच्या मदरशात पाठ केलेली अक्षरं
इथे तीस दिरहमला एक पान या भावानं विकते.

सकाळी फोरमन चौगुले आला, सोबत कॅम्पातले दोघे,
बुटांवर अजून सिमेंट.
सदानंद मयेकर आत आहे, म्हणाला. सळया बांधतो.
शेगड्या दोन, माणसं चौदा, स्वयंपाकाच्या पाळीवरून सुरू झालं
आणि हाताशी आला तो सळई वाकवायचा पाना.
"बाई, लिहा की तो पळून जाणार नाही."

लिहिलं : आरोपीचा पत्ता कायम आहे.
पत्ता म्हणजे खोली अकरा, वरची खाट.
लिहिलं : यापूर्वी एकही गुन्हा नाही.
लिहिलं : पासपोर्ट पोलिसांकडे आहे.
समोर समुद्र आहे आणि त्याला पोहता येत नाही,
हे चौगुलेनं सांगितलं, मी वगळलं.

जज काय बघतो, त्यानं विचारलं.
माझ्या दारावर वकिलाची पाटी नाही,
पण आठ वर्षं हुकमांच्या प्रती काढतेय, तेव्हा सांगितलं,
आधी जखम. मग जखम किती दिवसांची.
डॉक्टरनं वीस दिवसांच्या वर लिहिलं असेल
तर पारडं एकदम खाली जातं.
मग हत्यार सापडलं का.
मग हा बाहेर आला, तर साक्षीदाराच्या खाटेपर्यंत किती पावलं.
"चार," कॅम्पातला धाकटा म्हणाला,
आणि आपण हे का बोललो, असा बुटांकडे बघत राहिला.

आणि सगळ्यात शेवटी, याच्यासाठी उभं कोण आहे.

आपल्याकडे माणसं जामीन राहतात.
शब्द इथलाच, कधीतरी गलबतात बसून आपल्या बंदरात उतरला
आणि तिथलाच झाला, रेशनकार्डासकट.
इथले मात्र कफाला म्हणतात.
मयेकर ज्या कागदावर या देशात आला
त्यालाही कफालाच म्हणतात.
आत यायला कुणीतरी हवं, सुटायला कुणीतरी हवं.
अर्जात त्याबद्दल रकाना नाही.

प्रिंटर चालू असतानाच दुसरा माणूस आला.
बगलेत एक्सरेचं मोठं पिवळं पाकीट.
शफिकुल. मोतिउरचा भाऊ. मोतिउर सकर हॉस्पिटलात,
उजव्या डोळ्यानं अजून नीट दिसत नाही.
त्यानं चौगुलेला बघितलं, सलाम केला, चौगुलेनंही केला.
मग माझ्यासमोर बसून म्हणाला, लिहा, सोडू नका.
सुटला तर आम्ही त्या खोलीत झोपायचं कसं?

तेच यंत्र. तीच अलिफ, जिची कळ घासून पांढरी झालीय.
"विनंती आहे की" इथपर्यंत दोन्ही अर्ज सारखे.
त्याच्याकडूनही तीसच घेतले.
पाकिटातून त्यानं फोटो काढून ट्यूबलाइटसमोर धरला,
कुणी मागितला नव्हता.
कवटीत केसाएवढी रेघ.
चौगुले उठून जवळ आला आणि बराच वेळ बघत राहिला.

शफिकुल गेल्यावर चौगुलेनं स्वतःचा पासपोर्ट ठेवला टेबलावर.
मी शेवटचं पान उघडलं. मुदतीला चार महिने उरलेले.
हा चालणार नाही, म्हटलं. सहा तरी हवेत.
त्या दोघांचे कंपनीच्या तिजोरीत.
मग तिघेही काही न बोलता
माझ्याकडे बघायला लागले.

माझा खालच्या खणात आहे, स्टेपलरच्या डब्याखाली,
नऊ वर्षं शिल्लक.
एकदा कोर्टात गेला की खटला संपेपर्यंत तिथंच.
तोवर अम्मी आजारी पडली तरी फोनवरच.
आणि तो मयेकर, ज्याला मी कधी पाहिलं नाही,
रागात त्याच्या हाताशी काय येतं, हे मला फक्त
अर्जाच्या दुसऱ्या परिच्छेदातून माहीत.

जज रोज हेच करतो, तीन-चार मिनिटांत,
अनोळखी माणसाबद्दल.

प्रिंटरमधला कागद संपलाय, म्हटलं मी.
संपला नव्हता.
बादली उचलून मागच्या दारी ओतायला गेले,
अजून अर्धीच भरली होती.