उसना

कात्रजचा जुना बोगदा ओलांडला
की उतारावर मिठाचा वास येतो.
तिथून पुढे उसना.
हळू म्हणा. ऐकलं तर तो वळून बघतो.

माझ्याकडे भरतीची वही.
रात्री अडीचला तो खिंडीपर्यंत चढतो.
दुधावर साय धरते तसा पाण्यावर
बुडालेल्यांचा आवाज धरलेला.
लाटा मोजायच्या नाहीत. एक चुकली
तर ती घरी येऊन मोजून घेते.

जो पार जाऊन येतो
त्याचा एक शब्द तो ठेवून घेतो.
धनकवडीच्या शिंप्याचा 'सुई' गेला;
अजून शिवतो, पण हातातल्या वस्तूकडे
पाहुण्याकडे बघावं तसा बघतो.
सोपान कोंढाळकरच्या पोरीचा 'हिरवा'.
ती पर्वतीकडे तोंड करून नुसती गप्प.

आमचे यजमान गेले मीठ आणायला.
सोळा दिवसांनी आले, खिसे भरून,
ओठ फुटलेले, हसत.
मी रात्रभर तपासत बसले:
पाणी म्हणा. भाकरी म्हणा. माझं नाव?
सगळं म्हणाले. नाव तर दोनदा.

सकाळी कळलं.
बिबवेवाडीला दुधाला गेले,
दूध घेतलं, सुटे पैसेही मोजून घेतले,
आणि चालतच राहिले
बोपदेव घाटानं, किटली हातात.
'परत' हा शब्द त्यांच्यापाशी नव्हता.

आता भरतीच्या रकान्यात
मी रोज तोच लिहिते.
अडीचला पाणी येतं, पान चाटतं, जातं.
शाई पुसत नाही.
वाळतही नाही.