बोट लागणं

लिएपायात, कारोस्ताच्या पाच मजली इमारतीत
माझ्या खालच्या मजल्यावर ओयार्स राहतो.
एकतीस वर्षं ट्रॉलरवर. आता गुडघे, केफिर,
आणि वाचनालयाने मोडीत काढलेला एक लॅपटॉप,
ज्यावर मीच लिनक्स घालून दिलं,
कारण विंडोजने म्हातारा ठरवून
दारातूनच परत पाठवलं होतं.
(लॅपटॉपला म्हणतेय मी.)

मग रीगाहून नातवाने वाढदिवसाला गेम पाठवला,
मासेमारीचा. जाळी, वारा, बर्फाची कोठारं.
खाली बारीक अक्षरांत : फक्त विंडोजसाठी.
ओयार्स जिना चढून वर आला,
लॅपटॉप मासळीच्या ट्रेसारखा दोन्ही हातांत धरून.
"चालत नाही म्हणतो. चालव."

चालवायचं म्हणजे फसवायचं, मी सांगितलं.
मध्ये एक दुभाष्या बसवायचा.
गेम विचारतो, हे विंडोजच ना?
दुभाष्या म्हणतो, हो तर, या, बसा.
गेम विचारतो, सी ड्राइव्ह कुठंय?
दुभाष्या एका फोल्डरवर पाटी ठोकतो : सी.
गेम खिडकी मागतो,
हा कुठूनशी चौकट आणून समोर धरतो
आणि मागे उभा राहतो घामाघूम.

"कस्टमवाल्यांशी आम्ही असंच बोलायचो,"
ओयार्स म्हणाला.

पहिल्या रात्री काळा पडदा.
दुसऱ्या रात्री आवाज आला, नुसताच :
सीगल, इंजिन, कुणीतरी खोकलं.
मग अक्षरांच्या जागी चौकोन,
रिकामे, धक्क्यावरच्या क्रेट्ससारखे ओळीने.
मी फॉन्ट टाकले, एक ओळ बदलली, एक पुसली,
पुसलेली परत लिहिली.
तेव्हा बोट दिसली.
डेक, दोरखंड, दोरखंडाचे पीळसुद्धा.
फक्त समुद्र नव्हता.

समुद्राच्या जागी काळंभोर काहीच नाही
आणि त्या काहीच-नाहीवर बोट
वर जात होती, खाली येत होती.

पाणी उलगडत नाहीये, थांब, मी म्हटलं,
दुभाष्याची दुसरी आवृत्ती घालते.
"असू दे जरा."
आणि तो खेळत बसला.
जाळं सोडलं काहीच-नाहीत.
ओढलं. मासे आले.
"जानेवारीत पहाटे चारला असाच दिसतो," म्हणाला,
"पाणी बघतंय कोण. पाणी पाठीला कळतं."

मी वर जाऊन झोपले.

शुक्रवारी नव्या आवृत्तीत समुद्र आला.
हिरवट, फेसासकट, जरा जास्तच चकचकीत,
आणि अडखळणारा : सेकंदाला अकरा फ्रेम.
लाट अर्ध्यावर थबकायची,
काहीतरी आठवल्यासारखी,
मग एकदम दोन हात पुढे.
ओयार्सने वीस मिनिटं काढली.
मग चष्मा उतरवला, टेबलाची कड धरली
आणि भिंतीच्या आधाराने मोरीकडे गेला.

एकतीस वर्षांत कधी बोट लागली नव्हती त्याला.
लागली ती स्वयंपाकघरात,
स्टुलावर बसून, लोकरी मोजे घालून.

दाराआडून आवाज येत होता
ओकण्याचा की हसण्याचा, मला कळेना.
बाहेर आला तो तोंड पुसत.
"बंदरावर सांगू नकोस."
बंदरावर आता उरलंय कोण, हे मी बोलले नाही.

त्याच्या कॅलेंडरवर, वाऱ्याच्या नोंदींच्या शेजारी,
पेन्सिलीने लिहिलंय :
आठ-चार, समुद्र नाही.
नऊ-शून्य, समुद्र आहे, पोट नाही.

दोन्ही ठेवल्यात मी.
रात्री खालून इंजिनाची घरघर येते
आणि अडखळत नाही, म्हणजे आठ-चारच असणार.
सकाळी माझ्या दाराशी
वर्तमानपत्रात गुंडाळलेले धुरी दिलेले मासे,
तेल झिरपून बातम्या वाचता येत नाहीत अशा.

काल त्याच्या स्क्रीनवर अपडेट आलं होतं.
मी 'नंतर' दाबलं.