घरात माणसं किती?

वेल्चच्या कचेरीत, हीटरला टेकून
रेलीन अर्ज भरते.
माणसं किती? तिनं लिहिलं, दोन.
ती, आणि काचेवर वाफ सोडून
गाडी काढत बसलेला डॅल्टन.
त्याचं कार्ड आहेच. प्रश्न तिचा.

स्टिल्टनरबाईंनी चष्मा कपाळावर चढवला.
"पोटातलं कुठे लिहिलंस?
इथे तेही माणूस धरतात."

दोनाचे तीन झाले,
आणि डॉलर स्टोअरचा तोच पगार,
गेल्या साली बावीस डॉलरनी जास्त ठरलेला,
निमूट मर्यादेत बसला.
तपासण्या, बाळंतपण,
नंतरचं वर्षभर.

खोडलेल्या दोनावर ती पेन फिरवत राहिली.
नाव नाही, दात नाहीत,
बाप तर विचारूच नका,
आणि आत्ताच घराला हातभार लावतंय पोर!

डॅल्टनच्या गाडीत मात्र
अजून दोघंच.