एकवीस दिवस

कोल्हापूरहून यष्टीने आली सात एंजलची पिल्लं,
फुगवलेल्या पिशवीत, फोंडाघाटाच्या वळणांत
एकमेकांवर आपटत. एकेक नखाएवढं.
देवगडच्या स्टँडवरच बाबा म्हणाले,
दर्यो दारात आसा, आनि चेडू मासो इकत घेता.

हॉलमधल्या काचपेटीत जुने मासे आहेत,
त्यांच्यात ही लगेच सोडायची नाहीत.
आधी मागच्या पडवीत, थर्माकोलच्या खोक्यात,
ज्यात परवापर्यंत बर्फ आणि सुरमई होती.
चार वेळा धुतलं, उन्हात ठेवलं,
तरी वास राहिलाच थोडा.

वेगळी जाळी. वेगळा मग.
इकडून तिकडे जाताना हात धुवायचे.
दहा लिटरला एक चमचा खडेमीठ.
तीनशे पावलांवर अख्खी खाडी खारट,
आणि मी चमचा बोटाने सपाट करते.

पाचव्या दिवशी लोकबहादूर म्हणाला,
ताई, याच्या शेपटीला रवा चिकटलाय.
बोट वर ओढलेली असली की तो
पडवीच्या पायरीवर जाळं शिवत बसतो.
बारा वर्षं आमच्याकडे खलाशी.
गाव डोटीच्या वर कुठेतरी,
समुद्र त्याने तिशीत पहिल्यांदा पाहिला.
मी भिंग आणलं.
खरंच रवा. तीन कण.

ते पिल्लू बरणीत काढलं,
वेगळ्यातही वेगळं.
सातव्या दिवशी पालथं तरंगलं.

किती दिवस ठेवणार यांना?
एकवीस.
मोजता?
भिंतीवरच्या खडूच्या रेघा दाखवल्या.
त्याने सुई थांबवून त्या नीट पाहिल्या,
हिशोबाची वही बघतो तशा.

त्या वर्षी तो ताप घेऊन बोटीवरच होता.
आई भाताचा डबा बांबूच्या टोकाला बांधायची,
मी धक्क्यावरून पुढे करायचे.
तो टोक पकडायचा, आणि क्षणभर
बांबू दोन्हीकडून धरलेला असायचा.
किती दिवस, ते कुठेच लिहिलेलं नाही.
बाबांना विचारलं. त्यांनी
पवनचक्क्यांकडे बघितलं.
आसतले धा-पंदरा.

बाविसाव्या दिवशी सहा पिल्लं आत सोडली.
आधी कोपऱ्यात गोळा, मग एक सुटं झालं.
थोराड मासा वळून आला,
हुंगल्यासारखं केलं, निघून गेला.
मी हाक मारली, लोकबहादूर, बघायला ये.
तो आला, दाराशी थांबला,
सुई खिशात ठेवली,
आणि उंबऱ्याकडे बघत विचारलं,
पाय धुवून येऊ?