सतरा

छत्तीस वर्षं मी नाशिकरोडच्या नोट प्रेसमध्ये आकडे वाचले.
नावं वाचायचं कामच नव्हतं.
एखादा अंक तिरका, एखादा शाईत बुडालेला,
की कागद बाजूला.
म्हणून गंगापूर धरणाच्या कडेला
दुर्बीण रोखून गांगुर्डे बाई म्हणाल्या,
"हा बघा, एक लाख छत्तीस हजार चारशे बाहत्तर,"
तेव्हा ओळखीचं कुणी भेटल्यासारखं वाटलं.

दिसलं काहीच नाही.
"दिसणार नाहीच काका, एवढ्याशा काचेचं ते काम नाही.
पण आहे तो तिथे. बटुग्रह."
चैत्रातली रात्र. द्राक्षांचे मळे रिकामे झालेले,
पाण्यावरून येणाऱ्या वाऱ्याला बेदाण्याचा वास.
मी त्या जागेकडे बघत राहिलो,
भिंगाच्या सवयीने, एक डोळा मिटून.

नाव त्याचं माकेमाके.
रापा नुईच्या लोकांचा देव. समुद्राच्या मधोमध
एवढंसं त्यांचं बेट, झाडं थोडी, दगडी चेहरे फार.
त्यांच्यात सांगतात, एक पुजारीण कवटी राखत बसली होती.
लाट आली, कवटी घेऊन गेली.
ही पोहत मागे. दिवसच्या दिवस.
एका खडकावर पोचली तेव्हा
कवटीचा देव झाला होता.
मग त्याने पाखरं आणली.

मी म्हटलं, थांबा बाई,
आमच्याकडे हे उलटं झालंय.
ब्रह्मदेवाचं डोकं महादेवाने उतरवलं,
ते हाताला चिकटलं ते सुटेना,
गोदेत उतरला तेव्हा कुठे सुटलं.
सल्ला नंदीचा. म्हणून कपालेश्वरात समोर नंदी नाही,
गुरूला दारात कोण बसवणार.
तिकडे कवटीचा निर्माता,
इकडे निर्मात्याची कवटी.
पाणी मात्र दोन्हीकडे.

दुसरी हाउमेया, हवाईची, बाळंतपणांची देवी.
तिच्या अंगाच्या कुठूनही लेकरू जन्माला येई.
तिच्या नावाचा गोळा अंड्यासारखा,
चार तासांच्या आत एक गिरकी,
म्हणजे आमच्या एका पाळीत तिथले दोन दिवस.
ओव्हरटाइम कसा लावणार!
चंद्र दोन, दोघी लेकी: हिइआका आणि नामाका.
"मधला मा गाळला की आपला मुंबई नाका," बाई हसल्या.
मीही हसलो. खरं तर आपण हसू नये.
आपल्या गावाचं नाव एका बाईच्या कापलेल्या नाकावरून,
तिला कुणी विचारलं होतं?

माकेमाकेला सूर्याभोवती एक फेरी तीनशे सहा वर्षांची.
मागे तो इथेच होता तेव्हा
हे गाव गुलशनाबाद होतं.
पुढच्या खेपेला काय म्हणत असतील, कोण जाणे.
नदीला काहीही म्हणा, ती वळून बघत नाही.

"त्यालाही एक चंद्र आहे," बाई म्हणाल्या.
"कोळशासारखा काळा. त्याला अजून नाव नाही,
नुसतं साल आणि आकडे."

सिव्हिल हॉस्पिटल, एकोणऐंशी.
मनगटाला चिकटपट्टी, तिच्यावर निळ्या शाईत सतरा.
सातचा पाय तिरका होता,
नोटेवर असता तर मी बाजूला काढला असता.
सटवाई सहाव्या रात्री येते.
आम्ही पाचव्या दिवशी घरी आलो, दोघंच.
नाव बायकोने ठरवून ठेवलं होतं.
मला ते कधी सांगितलं नाही, मीही विचारलं नाही,
आकड्यांचा माणूस.
गेल्या पौषात तिच्या अस्थी रामकुंडात सोडल्या,
तेव्हा वाटलं, ह्यात ते नावही असेल,
आणि मी गुडघाभर पाण्यात
जरा जास्तच वेळ उभा राहिलो.
पोहता येत नाही मला.

"काका, गुरू दाखवू? तो छान दिसतो."
मी म्हटलं,
नको. हलवू नका दुर्बीण.