दहा राऊंड जमा

सकाळी सहाला शस्त्रागारात सही.
पिस्तूल एक, राऊंड दहा,
वरून सफारीचा शर्ट सैल सोडलेला.
पावणेसातला गोदापार्कवर
जिल्हा न्यायाधीश खैरनार मॅडम पुढे,
मी तीन पावलं मागे.

चार वर्षांत चेहरा कमीच पाहिला त्यांचा.
पाठ मात्र पाठ झाली,
उजवा खांदा जरा उतरलेला,
निकालाच्या दिवशी जास्तच.

वाळूवाल्यांच्या खून खटल्यात पाच जणांना जन्मठेप झाली,
घरी चिठ्ठी आली,
आणि चिठ्ठीमागून मी.

आधी कुरकुरल्या.
"रविवार कारंजावर मेथीची जुडी घ्यायची,
तिलाही बंदूक?"
भाजीवाली भाव मलाच सांगायची.
मी गर्दीवरची नजर न काढता म्हणायचो, पंधरा.
मॅडम वीस देऊन मोकळ्या.

निफाडहून त्यांच्या शाळेतल्या मास्तरांनी
द्राक्षांची पेटी आणली एकदा.
मी ती अंगणात फोडली,
घड न घड उचलून पाहिला,
तळाचा कागदसुद्धा चाचपला.
मास्तर फाटकाबाहेर, टोपी हातात.
खिडकीचा पडदा आतून ओढला गेला.
त्या दिवशी बंगल्यात कुणी कुणाशी बोललं नाही.

माझं नाव निवृत्ती. त्र्यंबकचा नवस.
"निवृत्ती, माझ्या निवृत्तीपर्यंत तरी टिकशील ना?"
मॅडमचा हा एकुलता एक विनोद, महिन्यातून एकदा.
मीही महिन्यातून एकदा हसायचो.

टिकलो.
त्यांच्या निवृत्तीनंतरही पाच महिने.
मग समितीची बैठक, मग एका ओळीचं पत्र:
धोक्याची पातळी पाहता
संरक्षण काढून घेण्यात येत आहे.
पातळी.
गंगापूर धरणाची सांगतात तशी.

शस्त्रागारात सही.
पिस्तूल एक, राऊंड दहा.
कारकुनाने दोनदा मोजले,
म्हणाला, "एकही कमी नाही, गांगुर्डे. छान."

काल अशोकस्तंभावर बंदोबस्ताला होतो.
पलीकडे मॅडम. हातात पिशवी, एकट्या.
रस्त्यात उतरता उतरता त्यांचा डावा हात
कमरेमागे गेला, पंजा उघडा.
थांब, गाडी येतेय, ही आमची खूण.

मागून कॉलेजचा एक पोरगा
कानात बोंडं घालून
त्या हाताला वळसा घालत निघून गेला.
हात तिथेच राहिला थोडा वेळ.

मी रस्त्याच्या या बाजूला,
तोंडात शिट्टी,
थांबलो.